एरिक क्रेस आणि डॅनिश मालिकांचा मोकळा कॅमेरा

डॅनिश छायालेखक एरिक क्रेस यांच्या कारकिर्दीतील सर्वांत महत्त्वाचे काम म्हणजे ‘रिगेट’ ही दूरचित्रवाणी मालिका. तिचे पहिले चार भाग नोव्हेंबर-डिसेंबर १९९४ मध्ये डीआर या सार्वजनिक वाहिनीवर प्रसारित झाले. लार्स फॉन ट्रिअर आणि मॉर्टन आर्नफ्रेड हे तिचे दिग्दर्शक. कोपनहेगनच्या ‘रिग्सहॉस्पिटलेट’ या मोठ्या रुग्णालयात घडणारी ही भुताटकीची कथा आहे.

त्याआधीच्या ‘द एलिमेंट ऑफ क्राइम’ (१९८४) आणि ‘युरोपा’ (१९९१) या चित्रपटांत फॉन ट्रिअर यांनी प्रत्येक चौकट आधीच काटेकोर आखली होती. ‘रिगेट’साठी त्यांनी ही शिस्त बाजूला ठेवली. ‘होमिसाइड : लाइफ ऑन द स्ट्रीट’ ही अमेरिकी पोलीस मालिका त्यांच्यासमोर होती. क्रेस यांनी १६ मिमी फिल्म वापरली, कॅमेरा हातात घेतला आणि बरेच चित्रण उपलब्ध प्रकाशातच केले. नट ठरलेल्या खुणांवर थांबत नसत. ते जातील तिकडे कॅमेरा जाई. डॉक्टरांच्या सकाळच्या बैठकीत तो एका चेहऱ्यावरून दुसऱ्यावर झपकन वळतो. दोन पात्रांमधली काल्पनिक रेषा कॅमेऱ्याने ओलांडायची नाही, हा छायालेखनातला मूलभूत नियमही येथे मोडला आहे. संकलनात निरनिराळ्या टेकचे तुकडे जोडल्याने दृश्य मध्येच उडी घेते. पुढे चित्र व्हिडिओवर उतरवल्याने ते रवाळ, पिवळसर तपकिरी झाले. बातमीपटासारख्या या खरबरीत चित्रामुळेच भुते प्रेक्षकाला खरी वाटू लागतात. छायालेखकाचे श्रेय येथे दिसते.

मार्च १९९५ मध्ये फॉन ट्रिअर आणि थॉमस विंटरबर्ग यांनी ‘डॉग्मे ९५’ या चित्रपट चळवळीचा जाहीरनामा मांडला. कॅमेरा हातातच असला पाहिजे, हा त्यातला एक नियम. जाहीरनाम्यामुळे ही शैली जगभर चर्चेत आली. पण डॅनिश घराघरांत ती काही महिने आधीच पोचली होती. १९९७ मध्ये ‘रिगेट’चे पुढचे चार भाग आले. त्यांच्या छायालेखनात क्रेस यांच्या जोडीला हेन्रिक हार्पेलुंड होते.

स्टीग लार्सन यांच्या कादंबरीवरील ‘द गर्ल विथ द ड्रॅगन टॅटू’ (२००९) या स्वीडिश चित्रपटाचे छायालेखनही क्रेस यांनी केले. दिग्दर्शक होते डॅनिश निल्स आर्डेन ओप्लेव्ह. येथे कॅमेरा तुलनेने शांत आहे. स्वीडनमधला हिवाळा आणि गार, फिकट उजेड यांवर त्याची नजर स्थिरावते. ही कादंबरी ज्या त्रयीतली, त्या त्रयीवरचे तिन्ही चित्रपट पुढे विस्तारित रूपात सहा भागांची दूरचित्रवाणी मालिका म्हणूनही दाखवले गेले.

‘रिगेट’चे तिसरे पर्व २०२२ मध्ये आले. त्याचे छायालेखक मान्युएल अल्बेर्तो क्लारो. पण हातातला कॅमेरा आणि तपकिरी छटा त्यांनी कायम ठेवल्या. फॉन ट्रिअर यांचे नाव जगभर गाजले, क्रेस यांचे अभ्यासकांपुरतेच राहिले. तरीही या मालिकेची ओळख झालेली दृश्यशैली घडवण्यात दिग्दर्शकाइतकाच त्यांचाही वाटा आहे.