सह्याद्रि : कोल्हापूर विभाग

तापी नदीच्या दक्षिणेपासून कन्याकुमारीपर्यंत सु. १,६०० किमी. लांब पसरलेल्या सह्याद्रीचा कोल्हापूर जिल्ह्याच्या पश्चिम सीमेवरील भाग. हिमालय व आल्प्स हे भूकवचास वळ्या पडून निर्माण झालेले पर्वत होत. सह्याद्रि त्यांहून भिन्न असून तो वस्तुतः दख्खनच्या पठाराची उंचावलेली व झिजलेली पश्चिम कड आहे. दक्षिण आफ्रिकेतील ड्रेकन्सबर्गशी त्याचे रचनासाम्य आढळते. येथील काळा पाषाण (बेसाल्ट) सु. ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हा-उद्रेकांतून साचला. कोकणाच्या बाजूस उभे कडे व पूर्वेस मंद उतार, अशी या भागाची ठेवण असून कोल्हापूरच्या इतिहासास तिनेच वळण दिले.

कडा ओलांडण्यास मोजक्याच वाटा असल्याने त्यांवरील ताबा म्हणजे सत्ता, असे समीकरण दीर्घकाळ टिकले. आंबा, अणुस्कुरा, गगनबावडा व फोंडा येथील घाटांनी कोल्हापूर कोकणातील राजापूर, खारेपाटण यांसारख्या बंदरांशी जोडले गेले. शिलाहार राजा दुसरा भोज याने बाराव्या शतकाच्या अखेरीस पन्हाळ्यास आपले सत्ताकेंद्र केले. तेराव्या शतकाच्या आरंभी यादव राजा सिंघण याने त्याचा पराभव केला. सिद्दी जौहरच्या वेढ्यातून शिवाजी महाराज जुलै १६६० मध्ये पन्हाळ्याहून निसटले व घाटमाथ्यावरील विशाळगडास पोहोचले. त्या वेळी बाजीप्रभू देशपांडे यांनी घोडखिंड लढविली. तीच पुढे पावनखिंड म्हणून प्रसिद्धी पावली. १८४४ मध्ये सामानगड, भुदरगड व पन्हाळा येथील गडकऱ्यांचा उठाव इंग्रजांनी मोडून काढला आणि गडांचे लष्करी महत्त्व संपुष्टात आले.

त्यानंतर सह्याद्रीचे मोल पाण्यावरून ठरू लागले. गगनबावड्यास वर्षाकाठी ५,००० मिमी.हून अधिक पाऊस पडतो. कोल्हापूर शहरात तो सु. १,००० मिमी. असतो. माथ्यावरील या पाण्याचा लाभ पूर्वेकडील शेतीस व्हावा म्हणून राजर्षी शाहू महाराजांनी (कार. १८९४–१९२२) भोगावती नदीवर राधानगरी धरणाचे काम हाती घेतले, ते स्वातंत्र्योत्तर काळात पूर्ण झाले. भोगावती, तुळशी, कुंभी व कासारी या नद्यांच्या संगमातून पंचगंगा बनते आणि नृसिंहवाडी येथे कृष्णेस मिळते.

तथापि हेच पाणी संकटही ठरते. २००५, २०१९ व २०२१ मधील महापुरांनी पंचगंगाकाठची गावे जलमय झाली. माथ्यावरील जांभ्याच्या पठारांवर बॉक्साइटाचे साठे असून खाणकाम व जंगलतोड यांमुळे माती धरून ठेवणारे आच्छादन कमी होते. राधानगरी अभयारण्यासह पश्चिम घाटातील ३९ स्थळांचा २०१२ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत समावेश झाला. संरक्षित क्षेत्राच्या व्याप्तीविषयी माधव गाडगीळ (२०११) व कस्तुरीरंगन (२०१३) यांच्या अध्यक्षतेखालील समित्यांनी भिन्न शिफारशी केल्या. हा प्रश्न केवळ घाटमाथ्यापुरता नाही. कोल्हापूर शहरालगतच्या उचगावसारख्या पूर्वेकडील गावांचे पाणी व शेतीही त्या माथ्यावरच अवलंबून आहे.