वादपत्राचे शोधन : ‘उत्तरा’पासून ‘न्यायचौकशीच्या आरंभा’पर्यंत

धर्मशास्त्रकारांनी व्यवहाराचे, म्हणजे न्यायालयीन वादाचे, चार पाद मानले आहेत : भाषा, उत्तर, क्रिया आणि साध्यसिद्धी. यांतील ‘भाषा’ या शब्दाचा अर्थ आजच्या मराठी वाचकास सहजी कळणार नाही. वादीने राजसभेपुढे केलेले आपल्या मागणीचे निवेदन, आजच्या परिभाषेत वादपत्र, असा तो अर्थ होय. बोललेली गोष्ट लेखात गोठली म्हणजे ती बदलता यावी काय, आणि यावी तर कोठवर, हा प्रश्न या शब्दाइतकाच जुना आहे.

कात्यायनाच्या मते वादीचे म्हणणे प्रथम फळ्यावर खडूने उतरवावे आणि शोधन झाल्यावरच ते पत्रावर लिहावे. शोधनाची मर्यादाही स्मृतिकारांनी आखून दिली होती. प्रतिवादीचे उत्तर येईपर्यंत वादीस आपले निवेदन सुधारता येई. उत्तर येताच तो अधिकार संपे. या मर्यादेमागील हेतू उघड आहे. प्रतिपक्षाचा बचाव ऐकून मग आपली बाजू बेतण्याची सोय वादीस मिळू नये, हा तो हेतू होय. एक बोलून मागाहून दुसरेच बोलणाऱ्या ‘अन्यवादी’ पक्षकाराची गणना नारदाने ‘हीन’ पक्षकारांत केली आहे. तथापि मिताक्षरेने नारदाचाच आधार घेऊन असेही सांगितले आहे की, जमीन, ऋण इत्यादी अर्थविवादांत बोलण्यात चूक करणारा दंडास पात्र ठरला, तरी मूळ हक्कास मुकत नाही. चुकीची शिक्षा एक आणि हक्काचा निर्णय निराळा, हा विवेक येथे स्पष्ट दिसतो.

हाच विवेक इंग्लंडमध्ये एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात वेगळ्या वाटेने प्रस्थापित झाला. 1873 ते 1875 च्या न्यायव्यवस्थाविषयक कायद्यांनंतर तेथील जुन्या काटेकोर वादलेखनपद्धतीचे बंध सैल झाले. न्यायालये पक्षकारांचे हक्क ठरविण्यासाठी आहेत, चुकांबद्दल शासन करण्यासाठी नव्हेत, असे न्या. बोवेन यांनी 1884 मध्ये प्रतिपादिले. विरुद्ध पक्षाची हानी खर्च देऊन भरून निघत असेल, तर दुरुस्ती नाकारू नये, असा त्या विचाराचा रोख होता. परंतु 1887 मध्ये तेथेच या औदार्यास मर्यादा पडली. मुदतीच्या कायद्याने प्रतिपक्षाला मिळालेले संरक्षण दुरुस्तीच्या द्वारे हिरावून घेता येणार नाही, असे ठरले.

भारतात 1882 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत वादपत्राच्या दुरुस्तीस एक अट होती : एका स्वरूपाच्या दाव्याचे रूपांतर विसंगत अशा दुसऱ्या स्वरूपाच्या दाव्यात करता येणार नाही. 1908 च्या संहितेतील सहाव्या आदेशाच्या सतराव्या नियमाने ही शब्दरचना सोडून दिली आणि कोणत्याही टप्प्यावर दुरुस्तीस मुभा देण्याचा अधिकार न्यायालयास दिला. पुढच्याच वर्षी मुंबई उच्च न्यायालयात न्या. बॅचलर यांनी दोन कसोट्या सांगितल्या. दुरुस्तीने प्रतिपक्षावर अन्याय होऊ नये, आणि वादातील खऱ्या प्रश्नाच्या निर्णयासाठी ती आवश्यक असावी. कोल्हापूरकडील एका जमिनीच्या वादात 1957 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याच कसोट्यांचा स्वीकार केला. तो दावा 1945 मध्ये दाखल झालेला होता. वादीने नवे प्रकरण उभे केलेले नसून जुन्याच कथनाचा तपशील पुरविला आहे, आणि प्रतिवादी त्यामुळे बेसावध सापडला असे म्हणता येत नाही, असे न्यायालयाने मानले. नव्याने दावा लावण्याची मुदत टळून गेली असताना दुरुस्ती नाकारणे म्हणजे वादीचा हक्कच बुडविणे ठरले असते.

पण ‘कोणत्याही टप्प्यावर’ या शब्दांची दुसरी बाजूही होती. साक्षीपुरावे झाल्यावर, कधी अपिलातही, दुरुस्तीचे अर्ज येऊ लागले. प्रत्येक अर्जावर म्हणणे, आदेश आणि त्याविरुद्ध वरच्या न्यायालयात धाव, असा क्रम लागे. ज्याच्या ताब्यात जमीन, त्याला विलंबच लाभे. या अनुभवातून 1999 च्या सुधारणा कायद्याने सतरावा नियमच वगळण्याचे ठरविले. वकीलवर्गातून तीव्र विरोध झाला, आणि 2002 मध्ये नियम एका परंतुकासह परत आला. वाजवी दक्षता घेऊनही पक्षकाराला ती बाब आधी मांडता आली नसती, अशी न्यायालयाची खात्री पटल्याशिवाय न्यायचौकशी सुरू झाल्यानंतर दुरुस्तीस मुभा नाही, असे ते परंतुक आहे. 1 जुलै 2002 पासून ते अमलात आले आणि 2005 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते वैध ठरविले.

स्मृतिकारांची रेषा उत्तरापाशी होती. 1908 मध्ये ती पुसली गेली. 2002 मध्ये न्यायचौकशीच्या आरंभापाशी पुन्हा ओढली गेली. या क्रमाला निव्वळ प्रगती म्हणता येत नाही, तसेच परागतीही म्हणता येत नाही. एकीकडे, वकिलाने लिहिलेल्या एखाद्या अपुऱ्या वाक्यामुळे वाडवडिलांची जमीन गमावणारा पक्षकार असतो. दुसरीकडे, ज्या आरोपास एकदा उत्तर दिले तो दर काही वर्षांनी नव्या वेषात सामोरा येताना पाहणारा त्याचा प्रतिपक्षही असतो. दोघांपैकी एकाचाच विचार करणारा नियम टिकलेला नाही, हेच या इतिहासावरून दिसून येते.