जुन्या सागवानाची साक्ष

अरण्याचा इतिहास लिहिणारास साधनांची अडचण पडते. दप्तरांत आज्ञा सांपडतात, खर्च सांपडतो. तोडलेला वृक्ष सांपडत नाहीं. पुण्यास मात्र त्याची साक्ष जुन्या वाड्यांच्या खांबांत व तुळयांत अद्याप उभी आहे.

सह्याद्रींतील वृक्षतोडीविषयीं राज्यकर्त्यांची दृष्टि सन १७१५ च्या आज्ञापत्रांत दिसते. रामचंद्रपंत अमात्यांनीं आरमाराच्या प्रकरणांत असें सांगितलें आहे कीं, स्वराज्यांतील सागवान अगत्याचें तेवढेंच परवानगीनें तोडावें. उणें पडेल तें परमुलखांतून खरेदी करावें. आंबा-फणसास हात लावूं नये, कारण तीं झाडें वाढण्यास फार वर्षें लागतात. पुढें पंधरा वर्षांनीं, १७३० सालीं, शनिवारवाड्याचा पाया घातला गेला. त्याचें सागवान जुन्नरच्या रानांतून आलें असें सांगतात.

इंग्रजी अमलांत मागणी वाढली. मुंबईच्या गोदींत वाडियांनीं सागाचीं जहाजें बांधलीं; त्यांपैकीं १८१७ सालचें ‘ट्रिंकोमाली’ इंग्लंडांत हार्टलपूल येथें आजहि आहे. १८४७ सालीं दापोडीच्या बागेचे अधीक्षक डॉ. अलेक्झांडर गिब्सन हे मुंबई इलाख्याचे वनसंरक्षक झाले. परंतु १८५३ पासून आगगाडी सुरू होऊन स्लीपरांसाठीं व जळणासाठीं नवी तोड लागली.

साग तोडला तरी बुंध्यापासून पुन्हां फुटतो. त्यामुळें रान शाबूत भासतें. वारंवार तोड झाल्यास मात्र बारीक वासेच मिळतात. जाड व लांब तुळई देणारा वृक्ष दीर्घ आयुष्यावांचून होत नाहीं. ही हानि तुळयांच्या मापांवरून अजमावतां येईल. शिवाय सागास वर्षागणिक वलय पडतें. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेंत अशा वलयांवरून पूर्वीच्या पर्जन्याचा अभ्यास झाला आहे. सालीलगतची कड शाबूत असून वलयें ज्ञात वलयमालेशीं जुळल्यास तोडीचें वर्षहि ठरूं शकतें.

आज खराडीसारखीं गांवें शहरांत आलीं आहेत. गांवठाणांत काय किंवा पेठांत काय, जुनें घर उतरलें कीं त्याचें लांकूड वखारींत जाऊन चिरलें जातें. रद्दींत निघालेला कागद सोडविण्यास आपण धांवतों. तुळईसाठीं कोणी जात नाहीं. तरी संग्राहकांनीं घर उतरतांना तुळईची लांबी, जाडी व घराचें ठिकाण टिपून घ्यावें आणि शक्य तेथें वीतभर तुकडा वर्णनासह जपून ठेवावा, अशी विनंति आहे.