उसनवारीचीं इंजिनें

अमेरिकेंतील नेवाडा राज्यांत व्हर्जिनिया सिटी या गांवच्या डोंगरांत चांदीचें मोठें घबाड सांपडलें, म्हणून इ. स. १८६९ सालीं तेथें लोहमार्ग घालण्यास आरंभ झाला. 'व्हर्जिनिया अँड ट्रकी' ही ती रेल्वे. चांदी होती तोंपर्यंत तिचा थाट राजेशाही. खाणी आटल्या आणि गाड्या रिकाम्या धांवूं लागल्या. अखेरच्या काळांत ऑग्डेन मिल्स हा तिचा धनी दरसालची तूट पदरच्या पैशांनीं भरून काढी. १९३७ सालीं तोही वारला.

परंतु या दारिद्र्यानेंच एक नवल घडविलें. श्रीमंत रेल्वे जुनें इंजिन मोडीत काढते. हिला नवें घेण्याची ऐपत नव्हती, म्हणून साठ-पांसष्ट वर्षांपूर्वींचीं कांहीं इंजिनें तिच्याजवळ तशींच राहून गेलीं. संग्रह करावा असा कोणाचाच हेतु नव्हता.

हॉलीवुडच्या चित्रपटवाल्यांना मात्र नेमकी हीच वस्तु हवी होती. पॅरामाउंट कंपनीनें 'इन्यो' व 'डेटन' हीं दोन इंजिनें विकत घेतलीं. पैकीं इन्यो हें १८७५ सालीं फिलाडेल्फियाच्या बाल्डविन कारखान्यांत घडलेलें. सेसिल डीमिल यांच्या 'युनियन पॅसिफिक' (१९३९) या बोलपटांत तें चमकलें, आणि पुढें पॅरामाउंटनें तें इतरांसही वापरावयास दिलें. डिस्नेच्या 'द ग्रेट लोकोमोटिव्ह चेस' (१९५६) या चित्रपटासाठीं तें थेट जॉर्जियांत गेलें व यादवी युद्धांतील 'टेक्सस' या इंजिनाची भूमिका त्यानें केली. वास्तविक त्याचा जन्म तें युद्ध संपल्यावर दहा वर्षांनीं झालेला! १९६५ पासून 'द वाइल्ड वाइल्ड वेस्ट' या मालिकेंतून तें दूरचित्रवाणीवरही दिसूं लागलें.

या नाटकाची किंमत इंजिनासच द्यावी लागली. तें १९१० पासून तेलावर चालत होतें. पडद्यावर लांकडें जाळल्याचा भास व्हावा म्हणून त्यावर फुग्यासारखें खोटें धुराडें बसविलें. प्रत्येक चित्रपटागणिक नांव निराळें, रंग निराळा. इतिहास दाखविण्यासाठीं इतिहासाच्या वस्तूलाच सोंग द्यावें, हें विपरीत खरें. तथापि त्या रेल्वेचीं कित्येक इंजिनें भंगारांत गेलीं, आणि हीं सोंगाडीं तेवढीं वांचलीं, हेंही विसरतां येत नाहीं.

रेल्वे १९५० सालीं बंद पडली. १९७४ सालीं नेवाडा राज्यानें इन्यो व डेटन परत विकत घेतलीं. इन्यो आज कार्सन सिटीच्या रेल्वे संग्रहालयांत आहे. धुराडें उतरविणें सोपें होतें. पण त्याखालचें खरें रूप कोणतें धरावयाचें, १८७५ चें कीं १९१० चें, हा प्रश्न सोपा नव्हता. दुरुस्तीनंतर इन्यो पुन्हां वाफेवर चालूं लागलें.

'रेनो' या तिसऱ्या इंजिनाचें नशीब इतकें सरळ नव्हतें. १८७२ सालचें हें इंजिन १९४५ सालीं एम. जी. एम. कंपनीनें घेतलें. १९७० सालीं तें ॲरिझोनांतील 'ओल्ड टूसॉन' या चित्रनगरीकडे गेलें आणि १९९५ च्या आगींत तेथें होरपळलें. २०२१ सालीं तें व्हर्जिनिया सिटीस परत आणण्यांत आलें.