काळाचा रंग

काळ रंगवितां येईल असा एखादा जादूचा रंग असता तर तो कसा दिसला असता, असा प्रश्न आमच्या वर्गांतील एका विद्यार्थ्यानें परवां आम्हांस विचारला. इतिहासाच्या तासाला असल्या प्रश्नांना सहसा थारा नसतो, आणि आम्हींही प्रथम तो हंसून टाळला. परंतु घरीं येतां येतां मनांत आलें कीं, असा रंग कल्पनेंतून काढण्याचें कारणच नाहीं. तो आम्हीं डोळ्यांनीं पाहिला आहे. त्याचा वर्ण पिवळसर तपकिरी असून अजिंठ्याच्या भिंतींवर तो मुबलक चढविलेला होता. व्यवहारांत त्याला रोगण म्हणतात.

अजिंठ्याच्या मूळ चित्रकारांपाशीं जादू नव्हती, माती होती. खडबडीत कातळावर माती, वनस्पतींचे तंतू व भाताचें तूस यांचा गिलावा. त्यावर चुन्याचा पातळ हात. आणि तो सुकल्यावर चिकट द्रव्यांत कालविलेले रंग, अशी ती रीत. तांबड्यासाठीं गेरू, पिवळ्यासाठीं पिवळी माती, हिरव्यासाठीं हिरवी माती, काळ्यासाठीं काजळी. एक निळा तेवढा दूरदेशचा. राजावर्ताचा तो दगड बदख्शानच्या खाणींतून डोंगर-नद्या ओलांडून वाकाटकांच्या राज्यांत येई. ख्रिस्तपूर्व काळांतील नवव्या-दहाव्या लेण्यांच्या जुन्या चित्रांत तो नाहीं. पांचव्या शतकांतील, हरिषेणाच्या काळच्या लेण्यांत तो दिसतो. हे मातीचे व दगडाचे रंग उजेडानें सहसा उडत नाहींत. ओल, वटवाघळें, किडे आणि धूर यांनीं गिलाव्याचे पोपडेच्या पोपडे पाडले हें खरें. पण जें उरलें तें आपल्या मूळ रंगानें उरलें.

पुढचें संकट आलें तें मात्र प्रेमाच्या वाटेनें. १८१९ सालीं इंग्रज अधिकाऱ्यांची एक शिकारी टोळी या दरींत उतरली, आणि लेण्यांची वार्ता जगभर गेली. कांहीं प्रवाशांनीं तर भिंतींवरचे तुकडे खरवडून नेले! त्यांच्याविषयीं येथें लिहीत नाहीं; चोराला चोर म्हटलें कीं काम संपतें. आम्हांस बोलावयाचें आहे तें सज्जनांविषयीं. १८४४ पासून मद्रासच्या लष्करांतील रॉबर्ट गिल या अधिकाऱ्यानें जवळजवळ वीस वर्षें या भिंतींसमोर घालवून कापडावर तैलरंगांत प्रतिकृति उतरविल्या. त्यांतील बहुतेक १८६६ सालीं क्रिस्टल पॅलेसच्या आगींत जळाल्या. मग मुंबईच्या सर जमशेटजी जीजीभॉय कलाशाळेचे जॉन ग्रिफिथ्स पेस्तनजी बोमनजी वगैरे आपल्या विद्यार्थ्यांना घेऊन १८७२ पासून पुन्हां त्याच कामास लागले. त्यांच्याही अनेक प्रतिकृति १८८५ सालीं साउथ केन्सिंग्टन येथील संग्रहालयाच्या आगींत नष्ट झाल्या. नाश पावणाऱ्या भिंतींच्या रक्षणार्थ काढलेलीं चित्रें जळालीं आणि भिंती राहिल्या, ही दैवाची थट्टा म्हणावयाची.

पण त्या भिंती होत्या तशा राहिल्या नव्हत्या. लेण्यांतल्या अंधारांत धुरकटलेलीं चित्रें नीट दिसावींत म्हणून प्रतिकृति करणारांनीं त्यांवर रोगण चढविलें होतें. नदींतला गोटा ओला असतांना कसा रंगदार दिसतो आणि वाळतांच राखेसारखा होतो, हें वाचकांनीं लहानपणीं पाहिलें असेलच. कोरड्या, खरखरीत पृष्ठावरून उजेड विखुरतो. त्यावर ओलावा किंवा रोगण बसलें कीं तो आंत शिरतो व रंग खुलतो. रोगणाची करामत एवढीच. त्यानें चित्र क्षणभर तरुण होतें. नंतर रोगण स्वतः म्हातारें होऊं लागतें: पिवळें पडतें, धूळ व काजळी धरून ठेवतें, आणि आक्रसतांना खालच्या रंगाची खपलीही ओढून घेतें. पुढें निजाम सरकारनें इटलींतून लोरेंझो चेक्कोनी व त्यांचे सहायक ओर्सिनी यांस बोलाविलें. १९२० ते १९२२ या काळांत त्यांनीं सुटलेला गिलावा कातळाशीं पक्का केला. तें झालें नसतें तर आज पाहण्यासारखें बरेंच कमी उरलें असतें. त्यांस दोष देण्याचें धाडस आम्हांस होत नाहीं. मात्र चित्रांवर त्यांनीं लाखेचें रोगण दिलें, आणि तेंही काळवंडलें.

येथें आम्हांस आमचीच एक गोष्ट कबूल केली पाहिजे. तरुणपणीं आम्ही प्रथम अजिंठ्यास गेलों तेव्हां त्या भिंतींवरील सोनेरी सायंप्रकाशानें मुग्ध होऊन परतलों, आणि पुढें कित्येक वर्षें वर्गांत सांगत राहिलों कीं, ही मावळती छटा म्हणजे बौद्ध वैराग्याचाच वर्ण होय. एका वस्त्राचा रंग आम्हीं वहींत ‘हिरवा’ असा टिपून ठेविला होता. गेल्या शतकाच्या अखेरीस व या शतकाच्या आरंभीं पुरातत्त्व खात्याच्या रसायनज्ञांनीं दहाव्या व इतर लेण्यांत हे थर मोठ्या धीरानें, अगदीं थोडथोडे करून काढले. त्यानंतरच्या फेरींत आमचें तें वस्त्र निळें निघालें. पिवळ्या कांचेंतून निळें पाहिलें तर हिरवें दिसणारच! ज्यास आम्ही वैराग्य म्हणत होतों तें गिल व ग्रिफिथ्स यांच्या सोयीचें आणि इटालियन कारागिरांच्या काळजीचें रोगण होतें. आमची सौंदर्यदृष्टि त्यावरच पोसली होती, हें ध्यानीं आल्यावर मनाला चटका बसला. आणि खोटें कशाला सांगावें, त्या जुन्या सोनेरी भिंतींची थोडी हळहळही वाटली.

दहाव्या लेण्यांत एका खांबावर, रंगविलेल्या आकृतीच्या अंगावरच, १८१९ च्या त्या शिकाऱ्यांपैकीं जॉन स्मिथ यानें आपलें नांव व २८ एप्रिल ही तारीख कोरून ठेविली आहे. तेव्हां लेण्यांत दगडमातीचा ढीग सांचला असल्यामुळें तें नांव आज माणसाच्या डोक्याहून बरेंच उंच दिसतें. तेथें रोगण नाहीं, रंग नाहीं, नुसता ओरखडा. आमचे विद्यार्थी लेण्यांत शिरले कीं प्रथम त्याचाच शोध घेतात. तो सांपडल्यावर मग खालचें चित्र कोणाचें, असें विचारतात.