ही नोंद आमची नव्हे

चालकांनी आम्हांस इतिहासावर बोलावयास सांगितले आणि आम्ही विषय निवडला तो बँकेच्या पासबुकातील एका ओळीचा. याचे काहींना नवल वाटेल. गडकिल्ल्यांविषयी आणि लढायांविषयी बोलण्यास या शहरात आमच्याहून अधिकारी माणसे पुष्कळ आहेत. आमचे शिक्षण शाळेत थोडे आणि युनियनच्या कचेरीत फार झाले. तेथे तीस वर्षे आम्ही एकच विद्या शिकत आलो, ती दुसऱ्याने केलेला हिशेब वाचण्याची.

काही महिन्यांपूर्वी नगरपालिकेच्या सफाई खात्यातील एक कामगार पासबुक घेऊन कचेरीत आले. पगारातून कपात झाली आहे, साहेबांना पत्र लिहा, अशी त्यांची मागणी. आम्ही पगारपत्रक मागविले. कपात नव्हती. पगार पुरा जमा झालेला होता आणि नंतर त्यातून कधी 89, कधी 159, एका दिवशी तर चार वेळा 449 रुपये गेले होते. रकमेपुढे इंग्रजी अक्षरांची एक तुटकी माळ. दुकानाचे नाव नाही, गावाचे नाही. कचेरीतील एका तरुण कार्यकर्त्याने ती निरखून पाहिली आणि तो म्हणाला, "काका, हे खेळाचे पैसे आहेत."

"मी उभ्या जन्मात पत्त्याला हात लावला नाही," कामगार म्हणाले, आणि त्यांचा चेहरा उतरला.

त्या क्षणी आम्हांला सुपे गाव आठवले. दुसऱ्याने लिहिलेली, आपल्याला वाचता न येणारी आणि तरी आपल्याच नावावर चढलेली नोंद, हे दुखणे काही मोबाइलबरोबर आलेले नाही.

12 मे 1875 रोजी, बाजाराच्या दिवशी, पुणे जिल्ह्यातील सुपे येथे रयत सावकारांच्या घरांवर चालून गेली. तेथून हे लोण पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांतील गावोगाव गेले. इतिहासाच्या पुस्तकांत याला दख्खनचे दंगे म्हणतात. परंतु दंगेखोरांना हवे होते काय? जिवावर उठलेली माणसे ती नव्हती. त्यांना हवे होते कागद: रोखे, खते, हुकूमनामे. सावकाराने ते मुकाट्याने पुढे केले तर बहुतेक ठिकाणी गोष्ट तेवढ्यावर मिटे. कागदांची होळी होई आणि लोक घरी जात. अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात, 1861 ते 1865, कापसाला सोन्याचा भाव आला होता आणि कर्जही मागेल तेवढे मिळत होते. युद्ध संपले, भाव कोसळले, सरकारचा धारा मात्र वाढला. त्यातच 1859 च्या मुदतीच्या कायद्याने रोख्याची मुदत तीन वर्षांची केली होती. हेतू असा की व्याज साचत राहू नये. झाले उलटे: दर तीन वर्षांनी सावकार जुने मुद्दल आणि व्याज यांची बेरीज करून नवा रोखा लिहवून घेई, आणि कालचे व्याज आजचे मुद्दल होई. रयतेला वाचता येत नव्हते. फेडलेल्या पैशाची पावती मिळत नव्हती. जाळण्याखेरीज हरकत घेण्याचा दुसरा मार्ग तिला कोणी ठेवलाच नव्हता.

ज्या 1875 साली सुप्यास कागद जळले, त्याच साली पुण्यात न्यायमूर्ती रानड्यांच्या पुढाकाराने वसंत व्याख्यानमाला सुरू झाली. हा योगायोग आम्ही नुसता नोंदवून ठेवतो.

सरकारने आयोग नेमला आणि 1879 साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा आला. तो प्रथम पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू झाला. त्यातील दोन गोष्टी आम्हांस फार मोलाच्या वाटतात. एक, नुसता रोखा दाखवून सावकाराला हुकूमनामा मिळेना; व्यवहाराच्या आरंभापासूनचा हिशेब न्यायाधीशाने उकलून पाहावा असे ठरले. दुसरी, दिलेल्या पैशाची लेखी पावती, वर्षाचा उतारा आणि वेळोवेळी भरून दिलेले पासबुक मागण्याचा शेतकऱ्याला हक्क मिळाला, आणि ते नाकारणाऱ्या सावकाराला शिक्षा ठेवली गेली. पासबुक ही आपण बँकेची मेहेरबानी समजतो. या मुलुखातील कुणब्याला ते कागद जाळून झाल्यावर कायद्याने मिळाले. सावकारांनी अर्थात पळवाटा शोधल्या, गहाणखताच्या जागी खरेदीखते लिहवून घेतली. तथापि "माझा हिशेब मला दाखवा" हे वाक्य गुन्हा न होता अर्ज झाले, ही लहान गोष्ट नव्हे.

कामगारांच्या वाट्याला हाच हक्क पुष्कळ उशिरा आला. मुंबईच्या गिरण्यांत बिघडलेले कापड विणकराच्याच गळ्यात मारून त्याची किंमत पगारातून वळती करीत. 1936 च्या वेतन प्रदान कायद्याने कोणती कपात चालेल, कोणती नाही, हे प्रथम बांधून दिले; दंडालाही रुपयास अर्धा आणा अशी मर्यादा घातली.

आता बँकेकडे वळू. खात्यात खोटी नोंद पडली आणि खातेदाराने ती पाहिलीच नाही, तर नुकसान कोणी सोसावे? याचा उलगडा दोन खटल्यांत झाला आहे. पहिला इंग्लंडचा, ग्रीनवूड विरुद्ध मार्टिन्स बँक. एका गृहस्थाच्या पत्नीने त्याची सही गिरवून खात्यातून पैसे काढले. त्याला ते कळले. पत्नीने गयावया केली, आणि तो गप्प राहिला. पुढे त्याने बँकेला सांगण्याचे ठरविले, तेव्हा त्या बाईने आत्महत्या केली. त्याने बँकेवर दावा लावला आणि तो हरला. सही खोटी होती, यात वाद नव्हता. परंतु कळल्यावर तो बोलला नाही, आणि त्या मौनामुळे बाईच्या हयातीत तिच्याविरुद्ध दाद मागण्याची बँकेची संधी गेली, हे हाउस ऑफ लॉर्ड्सने त्याच्या विरुद्ध धरले.

दुसरा खटला आपल्या देशातला, कॅनरा बँक विरुद्ध कॅनरा सेल्स कॉर्पोरेशन, सर्वोच्च न्यायालय, 1987. कंपनीच्या हिशेबनिसाने व्यवस्थापकीय संचालकाच्या खोट्या सह्या करून 42 धनादेश वटविले आणि सव्वातीन लाखांहून अधिक रक्कम उचलली. बँकेचे म्हणणे असे की, उतारे तुमच्याकडे येत होते, तुम्ही तपासले नाहीत, आता तक्रार कसली? न्यायालयाने ते मानले नाही. खोटी सही म्हणजे हुकूमच नव्हे. हुकमाशिवाय दिलेला पैसा बँकेने पदरचा दिला असे समजावे. पासबुक न पाहणे हा आळस असेल. तेवढ्याने हक्क बुडत नाही. हक्क बुडतो तो पाहून, समजून गप्प बसल्याने. सफाई खात्यातील आमच्या मित्राला आम्ही हे दोन्ही खटले सांगितले. कारण त्यांनी ती ओळ महिन्यापूर्वीच पाहिली होती आणि घरात तंटा नको म्हणून दाबून ठेवली होती, हे तोवर बाहेर आले होते.

आता खेळाचे पैसे. या खेळांत रुपये दिसत नाहीत. नाणी दिसतात, हिरे दिसतात. एकदा कार्ड किंवा खाते जोडले की पुढची खरेदी बोटाच्या एका स्पर्शाची. आणि पैसे ज्याच्या नावावर जमा होतात तो खेळ करणारा नसतो. मध्ये ॲपचे दुकान असते, वसुली करणारा आडत्या असतो, आणि त्याचेच नाव तोडून-मोडून पासबुकात उमटते. म्हणून ओळ अनोळखी वाटली तरी चोरीच असते असे नाही, आणि ओळखीची वाटली म्हणजे रास्तच असते असेही नाही.

अमेरिकेत याचे मोठे खटले झाले. तेथील फेडरल ट्रेड कमिशनने 2014 साली ॲपल कंपनीला निदान 3 कोटी 25 लक्ष डॉलर परत करावयास लावले. तक्रार अशी होती की, आईबापांनी एकदा परवलीचा शब्द दिला की पुढची पंधरा मिनिटे मुलांना हवी तेवढी खरेदी करता येई, आणि ही पंधरा मिनिटे उघडी आहेत हे त्यांना कोणी सांगत नसे. ॲमेझॉनने तर 2011 साली आरंभी परवलीचा शब्दच विचारला नव्हता. 2016 साली न्यायालयाने त्या कंपनीस जबाबदार धरले. सर्वांत बोधक प्रकरण फोर्टनाइट या खेळाचे. त्याच्या मालक एपिक गेम्सने डिसेंबर 2022 मध्ये, ग्राहकांना परत देण्यासाठी, 24 कोटी 50 लक्ष डॉलर भरण्याचे मान्य केले. आरोप असे की बटणे अशी मांडली होती की चुकून दाबले तरी खरेदी व्हावी. दहा लाखांहून अधिक तक्रारी आल्या तरी लक्ष दिले नाही. आणि ज्याने आपल्या कार्ड कंपनीकडे रकमेवर हरकत घेतली त्याचे खेळाचे खाते, आधी विकत घेतलेल्या सर्व वस्तूंसकट, कुलूपबंद केले. हे शेवटचे वाचले तेव्हा आम्ही पुस्तक मिटून थोडा वेळ बसलो. तक्रार करणाऱ्याला फाटकाबाहेर काढण्याची ही रीत आम्ही फार जवळून पाहिली आहे.

आपल्याकडे ऑगस्ट 2025 मध्ये संसदेने पैसे लावून खेळावयाच्या ऑनलाइन खेळांना बंदी करणारा कायदा मंजूर केला. परंतु हिरे-नाणी विकणारा साधा खेळ त्या बंदीत येत नाही, म्हणून नोंदी थांबल्या असे समजू नये.

हरकतीचे नियम रिझर्व्ह बँकेने 6 जुलै 2017 च्या परिपत्रकाने घालून दिले. सहकारी बँकांना ते त्याच वर्षी डिसेंबरात लावले. चूक बँकेचीही नाही आणि खातेदाराचीही नाही, अशा परक्याच्या लबाडीची खबर तीन कामकाजाच्या दिवसांत दिली तर खातेदाराचे नुकसान शून्य. चौथ्या ते सातव्या दिवशी दिली तर साध्या बचत खात्याला दहा हजारांपर्यंत. त्यापुढे बँकेच्या धोरणावर. खबर मिळाल्यापासून दहा कामकाजाच्या दिवसांत रक्कम तात्पुरती जमा करावयाची आणि नव्वद दिवसांत निकाल लावावयाचा. आणि सर्वांत महत्त्वाचे, खातेदाराची जबाबदारी सिद्ध करण्याचा भार बँकेवर. येथे आमचा एक आक्षेप आहे. 1987 चा निकाल न पाहणाऱ्याला सांभाळून घेत होता. या नियमात दिवस मोजले जातात ते संदेश आल्यापासून, आणि तो संदेश मध्यरात्री, इंग्रजीत येतो. पाहणे हा हक्क होता, तो आता कामाचा एक तास झाला आहे, आणि त्याचा पगार नाही.

आमच्या मित्राचे पुढे काय झाले? आठवीतल्या मुलाने ते केले होते. म्हणजे ही परक्याची चोरी नव्हती. ती चोरी म्हणून बँकेत लिहून द्या, असा सल्ला त्यांना एकाने दिला होता. आम्ही तो मोडून काढला. खोट्या तक्रारीने खऱ्या तक्रारीची पत जाते. मुलाने कबूल केले, मग ज्या दुकानातून खेळ घेतला होता त्याच्याकडेच अर्ज केला. अलीकडचे पैसे आले, आधीचे आले नाहीत. मोबाइलवरून कार्ड काढून टाकले.

रुग्णालयात आया म्हणून काम करणाऱ्या आमच्या एका मावशींची गोष्ट निराळी. त्यांना रात्री दोन संदेश आले, परदेशातील कुठल्याशा खेळाच्या नावाने. सकाळी ड्युटी संपताच त्या आम्हांला घेऊन बँकेत गेल्या. खिडकीवरच्या गृहस्थांनी मान वर न करता सांगितले, "घरातल्या पोरांनी केलं असेल, विचारा त्यांना." मावशींनी पिशवीतून बटणांचा जुना फोन काढून काचेपाशी ठेवला. "घरात पोर नाही, आणि यात खेळ नाही. तुम्ही दाखवा कोणी केलं ते."

आम्ही अर्ज लिहिला: तारीख, रक्कम, संदेश आल्याची वेळ, आणि "हा व्यवहार मी केलेला नाही." कार्ड बंद करविले, 1930 या सरकारी क्रमांकावर खबर दिली आणि अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर बँकेचा शिक्का घेतला. त्या शिक्क्यासाठी पाऊण तास उभे राहावे लागले. तीस दिवसांत उत्तर आले नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येते, हे आम्ही जरा मोठ्याने म्हणालो. नवव्या दिवशी रक्कम तात्पुरती जमा झाली, दोन महिन्यांनी कायम.

मावशींनी त्या दिवशी पासबुक भरून घेतले, कचेरीत येऊन आमच्यासमोर उघडले आणि जमेच्या ओळीवर बोट ठेवून विचारले, "भाऊ, यात माझं नाव कुठं आहे?"