एका डोक्यात चार भाषा : कुपवाडची साक्ष

आपल्या आपट्यातल्या एखाद्या मुलाचा दिवस पाहावा. पहाटे मदरशात अरबी सबक, मग शाळेत उर्दू किंवा मराठी, वरच्या वर्गात गेला की इंग्रजी. पनवेलच्या बाजारात मराठी, पाताळगंगेवर पोहायला जमलेल्या आगरी सवंगड्यांत आगरी वळणाची मराठी, आणि घरी चुलीपाशी आईची कोकणी. दहा वर्षांचे पोर दिवसातून चार-पाच वेळा भाषा बदलते आणि त्याला त्याचे काही वाटत नाही. वाटते ते आई-बापांना. पालकसभेत हटकून एक प्रश्न येतो : "मास्तर, एवढ्या भाषांनी पोराचे डोके गोंधळणार नाही का?" आणि कित्येक घरांनी या प्रश्नाचे उत्तर स्वतःच देऊन टाकले आहे. ज्या भाषेत परीक्षा नाही ती काढून टाकायची, म्हणजे कोकणी. "घरात कोकणी बोलू नकोस, अभ्यासाची भाषा बिघडते," हे वाक्य आम्ही अनेकदा ऐकले आहे.

ही भीती आपट्याची नव्हे. तिला शास्त्राचा आधार आहे असे एके काळी मोठमोठे विद्वान मानत. १९२३ साली डी. जे. सेअर यांनी वेल्स प्रांतातल्या सुमारे १,४०० शाळकरी मुलांची बुद्धिमापन चाचणी घेतली. वेल्श आणि इंग्रजी अशा दोन्ही भाषा बोलणारी खेड्यातली मुले मागे पडली. झाले! दोन भाषांनी मेंदूवर ओझे पडते, असे पुढची कित्येक वर्षे पुस्तकांतून छापून येत राहिले. याच पाहणीत शहरातल्या मुलांमध्ये असा फरक जवळजवळ नव्हता, तिकडे मात्र कोणी फारसे पाहिले नाही. दोष भाषांचा असता तर तो शहरातही दिसला असता. १९६२ मध्ये एलिझाबेथ पील आणि वॉलेस लँबर्ट यांनी कॅनडातल्या माँट्रियल शहरात दहा वर्षांची मुले निवडली. या वेळी घरची सांपत्तिक स्थिती सारखी असलेल्या मुलांचीच तुलना केली, आणि निकाल उलटा लागला. फ्रेंच व इंग्रजी दोन्ही चांगल्या येणारी मुले पुढे निघाली. गरिबीचे खापर इतकी वर्षे भाषेच्या माथी फुटत होते.

पण वेल्स आणि कॅनडा दूर राहिले. आपल्या महाराष्ट्रातच याहून मोठा दाखला आहे आणि त्यात आपल्या समाजाचाही वाटा आहे. सांगली जिल्ह्यात कुपवाड नावाचे गाव आहे. जॉन गंपर्झ आणि रॉबर्ट विल्सन या अमेरिकन अभ्यासकांनी १९७१ साली या गावावर एक निबंध प्रसिद्ध केला. भाषाशास्त्राच्या जगात हे कोपऱ्यातले गाव त्यामुळे प्रसिद्ध झाले. त्या वेळी वस्ती सुमारे ३,०००. जैन आणि लिंगायत घरांत कन्नड, मुसलमान घरांत उर्दू, मजुरी करणाऱ्या दलित व इतर घरांत मराठी, दोरखंड वळणाऱ्यांच्या घरांत तेलुगू. गावातले बहुतेक पुरुष यांपैकी दोन-तीन भाषा सहज बोलत. वेगवेगळ्या घरांतली माणसे एकत्र आली की मराठी चाले. जमीनदार जैनांची नाही आणि मुसलमानांचीही नाही, म्हणून ती कोणालाच परकी वाटत नसे. आणि हा शेजार शेकडो वर्षांचा होता.

इतका काळ एकाच डोक्यात नांदल्यावर या भाषांचे काय झाले? एकीने दुसरीला ढकलून दिले असेल असे आपल्याला वाटेल. तसे झाले नाही. शब्द ज्याचे त्याच्याकडे राहिले. वाक्याचा सांगाडा मात्र हळूहळू एक झाला. उदाहरण घेऊ. ‘हे तुमचे घर आहे’ या वाक्यातला ‘आहे’ पुस्तकी कन्नडला लागत नाही. ‘हे तुमचे घर’ एवढ्यावर तिचे काम भागते. कुपवाडच्या कन्नडने मराठी-उर्दूप्रमाणे ‘आहे’साठी शब्द वापरायला सुरुवात केली. उलट, पुस्तकी उर्दूत ‘लडके ने रोटी खाई’ म्हणताना क्रियापद रोटीच्या मागे जाते. कुपवाडच्या उर्दूत ते कन्नडसारखे कर्त्याच्या मागे जाऊ लागले. (दख्खनी उर्दूत हे वळण इतरत्रही आढळते.) तिसरी गंमत आपल्याला जास्त जवळची. मराठीत ‘आम्ही पनवेलला जातो’ म्हटले तर ऐकणारा मागे राहतो आणि ‘आपण पनवेलला जाऊ’ म्हटले तर तो बरोबर येतो. पुस्तकी उर्दूत दोहोंना ‘हम’. कुपवाडच्या मुसलमानाने हा भेद आपल्या उर्दूत आणला : एकाला ‘हम’, दुसऱ्याला ‘अपन’.

परिणाम असा की कुपवाडचा माणूस एका भाषेतले वाक्य दुसऱ्या भाषेत शब्दाला शब्द ठेवून सांगू शके. सांगाडा एक, वर कपडे चार. मनाने श्रमाची बचत केली, पण कोणतीही भाषा टाकली नाही. घरची भाषा घराची ओळख होती आणि ती रोज चुलीपाशी बोलली जात होती.

आता हे मन हे सारे सांभाळते कसे, याविषयी थोडे सांगितले पाहिजे. भाषेची उकल मूल बोलू लागण्याच्या फार आधी सुरू होते. १९८४ मध्ये जॅनेट वर्कर आणि रिचर्ड टीस यांनी कॅनडातल्या इंग्रजी घरांतल्या तान्ह्या मुलांना आपल्याकडचे ‘त’ आणि ‘ट’ हे उच्चार ऐकवले. सहा ते आठ महिन्यांच्या बाळांना त्यांतला फरक कळत होता. दहा-बारा महिन्यांची होईपर्यंत तो कळेनासा झाला, कारण त्यांच्या घरात या फरकाला काही काम नव्हते. म्हणजे वर्षाच्या आतच मूल कानावर पडणाऱ्या बोलण्यावरून ठरवते की काय जपायचे आणि काय सोडायचे. घरातले बोलणे त्याच्या दृष्टीने फुकट जात नाही.

मोठेपणी मन आणखी एक कसब करते. उर्दूत ‘कल’ म्हणजे काल आणि उद्याही. ‘मामूजान कल’ एवढेच ऐकले तर मिठाई खायची की वाट पाहायची हे कळत नाही. ‘आए थे’ की ‘आएँगे’ हे येईपर्यंत मन दोन्ही अर्थ धरून ठेवते. ‘खत’ शब्दाचेही तसेच. उर्दूत ती चिठ्ठी, मराठी शेतकऱ्याकडे ते शेणखत, आणि तलाठ्याकडे गेलात तर खरेदीखताच्या रूपाने पुन्हा कागद. "खत आले" असे कोणी म्हणाले की ऐकणारा दाराशी टपालवाला आहे की बैलगाडी हे पाहून अर्थ लावतो. १९९९ मध्ये मायकेल स्पायव्ही आणि व्हिओरिका मारियन यांनी रशियन व इंग्रजी जाणणाऱ्यांच्या नजरेचा माग घेतला. एका भाषेतला शब्द कानी पडताच दुसऱ्या भाषेतल्या तशाच आवाजाच्या वस्तूकडेही त्यांची नजर क्षणभर जात होती. म्हणजे दोन भाषा जाणणाऱ्याच्या मनात दुसरी भाषा झोपी जात नाही. ती जागी असते आणि तिला आवरावे लागते. मधूनच एखादा शब्द इकडचा तिकडे पडतो तो यामुळे. त्याला ‘बिघडणे’ म्हणून मुलाला रागावण्यात अर्थ नाही.

ही रोजची आवराआवर म्हातारपणी उपयोगी पडत असावी, असाही पुरावा आपल्याच देशात मिळाला. हैदराबादच्या निझाम्स इन्स्टिट्यूट ऑफ मेडिकल सायन्सेसमध्ये डॉ. सुवर्णा अल्लाडी व त्यांच्या सहकाऱ्यांनी स्मृतिभ्रंशाच्या ६४८ रुग्णांचा अभ्यास २०१३ साली प्रसिद्ध केला. एकच भाषा जाणणाऱ्यांपेक्षा एकाहून अधिक भाषा जाणणाऱ्यांमध्ये हा आजार सुमारे साडेचार वर्षे उशिरा सुरू झालेला दिसला, आणि हा फरक निरक्षर रुग्णांतही होता. सगळीकडच्या पाहण्यांत असेच आढळले असे नाही, तेव्हा याला औषध समजू नये. पण जास्त भाषांनी डोके लवकर थकते असे म्हणायला तर जागाच उरत नाही.

मग भाषा जाते कशाने? पुन्हा कुपवाडकडे वळू. गाव आता खेडे राहिलेले नाही. कारखाने आले आणि १९९८ पासून सांगली-मिरज-कुपवाड महानगरपालिका झाली. पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या सोनल कुलकर्णी-जोशी यांनी पहिल्या अभ्यासानंतर चाळीस वर्षांनी तिथल्या भाषांची पुन्हा पाहणी केली आणि २०१६ साली निष्कर्ष मांडले. मराठीचे पारडे जड झालेले होते. भाषावार राज्यरचना, मराठी शाळा आणि बदललेले व्यवहार ही त्यामागची कारणे. शेकडो वर्षे चार भाषा ज्या डोक्यांत मावल्या, ती डोकी काही लहान झाली नव्हती. लहान झाला तो त्या भाषा बोलण्याचा वाव.

कोकणीची गोष्ट याहून वेगळी नाही. ग्रिअर्सन यांच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाचा मराठीचा खंड १९०५ साली निघाला. त्यात उधळ्या पुत्राची एकच गोष्ट गावोगावच्या बोलींत सांगवून घेतली आहे आणि कोकणातल्या बोलींना त्यात मोठी जागा आहे. म्हणजे आपल्या आजी-पणजीच्या बोलण्याला तेव्हा सरकारी दप्तरात स्थान मिळाले. आज घरातच ते द्यायला आपण कचरतो.

मागच्या उन्हाळ्यात एका घरी बसलो होतो. आजीने नातवाला कोकणीत काहीतरी आणायला सांगितले. पोरगा पाठ करून खेळत होता, तरी लगेच उठला, आत गेला आणि नेमकी तीच वस्तू घेऊन आला. आजीने आणखी काही विचारले. त्याचे उत्तर उर्दूत आले, शुद्ध, शाळेतल्यासारखे. कौतुकाने सगळे हसले. कोकणीत उत्तर दे, असे आजी दोनदा म्हणाली. त्याने आईकडे पाहिले, ओठ हलवले, आणि पुन्हा उर्दूतच बोलला.